डाव्या अंगाला काय होतं?

निवृत्त पीटी टीचरला लोक दोनच प्रश्न विचारतात. "गुडघे काय म्हणतात?" आणि "अजून तलवारी फिरवतासा काय?" पहिल्याचं उत्तर मी कुणालाही देत नाही. दुसऱ्याचं उत्तर लांबलचक आहे, आणि या दिवाळी अंकाच्या संपादकांनी पानं मोकळी ठेवलीच आहेत, तर सांगून टाकते. त्यात माझी थोडी बढाई आहे आणि एक मोठी चूक आहे. चूक शेवटी सांगेन. आधी सांगितली तर बढाई कोण वाचणार?

बेळगावच्या एका हायस्कुलात मी एकतीस वर्षं पीटी शिकवली. कागदोपत्री माझं काम म्हणजे कवायत, खो-खो आणि गणिताच्या सरांना माझा तास उसना देणं. तलवार माझ्या कामात कुठेच नव्हती. एका वर्षी शिवजयंतीच्या मिरवणुकीत शेजारच्या गल्लीतल्या मुलांनी लाठीकाठी दाखवली आणि आमच्या हेडमास्तरांना चेव आला. "टीचर, आपल्या पोरींचं कायतरी तलवारीचं बसवा बघू. लेझीम तर येतंयच की तुमाला." लेझीम येणाऱ्या हाताला तलवार येत नाही, हे कळायला मला एक वर्ष लागलं आणि शाळेच्या हॉलमधल्या तीन ट्यूबलाइट लागल्या.

ज्यांनी हा प्रकार फक्त मिरवणुकीत, डीजेच्या मागून पाहिलाय त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. याला मर्दानी खेळ म्हणतात. नाव मर्दानी असलं तरी माझ्याकडे नव्वद टक्के मुली होत्या आणि त्यांनी कधी नावाची तक्रार केली नाही. सुरुवात लाठीने होते, मग ढाल-तलवार, आणि सगळ्यात शेवटी पट्टा. पट्टा म्हणजे माणसाच्या छातीपर्यंत येईल एवढं लांब, लवचीक, दोन्ही बाजूंनी धारेचं पातं. त्याची मूठ लोखंडी खोळीत असते, आणि ती खोळ हात कोपरापर्यंत गिळते. मनगट हलवायची सोयच नाही. तलवार हाताने चालते, पट्टा पायाने चालतो. पाय चुकला की पातं आधी आपल्याच पोटरीला भेटतं. म्हणून या खेळात पाय टाकायच्या रीतीला, म्हणजे पवित्र्याला, देवासारखं जपतात. हे वाक्य लक्षात ठेवा. माझी फजिती याच वाक्यातून झाली.

खेळ शिकणं एकवेळ सोपं, पण हत्यारं घेऊन घराबाहेर पडणं महाकठीण. मिरवणुकीच्या आधी पोलिसांची परवानगी काढावी लागते आणि हत्यारांना धार नाही असं सिद्ध करावं लागतं. पहिल्या वर्षी साहेब म्हणाले, "टीचर, शार्प इल्ला अंत सर्टिफिकेट बेकु." धार नसल्याचा दाखला पाहिजे, हे समजलं. पण तो देतं कोण? लोहार म्हणाला, मी धार लावल्याचा देतो, न लावल्याचा कसा देऊ? शेवटी साहेबांनीच मार्ग काढला. हवालदाराला बाजारात पाठवून टोमॅटो आणवला आणि टेबलावर ठेवून माझी तलवार त्याच्यावर मारली. टोमॅटो फुटला. मग अर्धा तास चर्चा झाली, की फुटणं म्हणजे कापणं का? शेवटी दाखल्यावर लिहिलं गेलं, 'टोमॅटो दबला, कापला नाही.' तो कागद मी अजून ठेवलाय. पुढच्या वर्षी साहेब बदलले. नव्यांनी वांगं आणवलं.

एसटीत वेगळीच तऱ्हा. निपाणीच्या गाडीत सतरंजीत गुंडाळलेले सहा पट्टे बघून कंडक्टर अडून बसला. सामानाच्या यादीत कोंबडी होती, खाट होती, टीव्ही होता, पण पट्टा नव्हता. तो बराच वेळ यादी खालीवर करत होता. मग म्हणाला, "आक्का, हत्तरगी नाक्यापातूर मी काय बघितलंच न्हाय. फुडं चेकिंग आलं तर ह्या छत्र्या हाईत." चेकिंग आलं. चेकरने सतरंजीला हात लावला, माझ्याकडे बघितलं, आणि सहा छत्र्या मान्य करून उतरून गेला.

लग्नाची ऑर्डर तर मी एकदाच घेतली. निपाणीचे एक तंबाखूचे व्यापारी होते. त्यांचा हट्ट असा, की डोळे बांधून लिंबू कापायचा खेळ नवऱ्या मुलाच्या डोक्यावर लिंबू ठेवून करायचा. "जावई डगमगतोय का बघायचाय मला," ते म्हणाले. जावई डगमगला नाही, सरळ पडला. मी अजून डोळ्यांवर पट्टीसुद्धा बांधली नव्हती. मांडवात एकच गोंधळ. तेवढ्यात नवरी उठली, लिंबू उचललं, तळहातावर ठेवून माझ्यासमोर हात धरला आणि म्हणाली, "कापा टीचर, मुहूर्त टळालाय." मी कापलं. त्यांचा संसार चांगला चाललाय असं ऐकते, आणि मला आश्चर्य वाटत नाही.

हे झालं मिरवण्यापुरतं. माझा खरा जीव अडकला तो शोधात. मिरवणुकीत जे दिसतं ते सगळीकडे सारखंच, एकमेकांचे व्हिडिओ बघून बसवलेलं. पूर्वी गावागावाचा हात वेगळा असायचा, पाय वेगळा असायचा. तो कुणा म्हाताऱ्याच्या अंगात अजून शिल्लक असेल तर उतरवून घ्यायचा, असं मी ठरवलं. दर सुट्टीला पिशवीत वही घालून निघायची. सोबत सुजाता. ती निपाणीची, आई विड्या वळायची, आणि पोरीच्या बोटांत तोच चटपटीतपणा. बेळगावात वसतिगृहात राहून माझ्याकडे आठवीत शिकायला आली तेव्हा तलवारीपेक्षा थोडीच उंच होती. आज ती निपाणीच्या दवाखान्यात रक्त तपासते आणि संध्याकाळी चाळीस मुलींना शिकवते. तिला एक खोड आहे. समजलं नाही की विचारते. मला तेव्हा ही खोड वाटायची.

पहिले दोन वस्ताद फुकट गेले. एकाने पिढीजात म्हणून तलवार दातांत धरून कोलांटी मारली. मी वहीत 'दंतधारण' असं नाव देऊन चित्र काढलं. नंतर कळलं, आजोबा तरुणपणी दोन हंगाम सर्कशीत होते आणि मूळ खेळात तलवारीच्या जागी कंदील होता. दुसऱ्याने एक गुप्त वार दाखवायचं कबूल केलं आणि तो इतका गुप्त ठेवला की शेवटपर्यंत दाखवलाच नाही. यातून मी शहाणी व्हायला हवी होती. झालं उलटंच, नुसती नावं देण्यात माझा हात बसत गेला.

आणि मग परसाप्पा वस्ताद भेटले. गुंजी स्टेशनला उतरून अर्धा-पाऊण तास चालल्यावर एक वाडी लागते, तिथे. वय पंच्याहत्तरच्या पुढे, अंगावर नातवाचा शाळेचा स्वेटर, कमरेत बाक. चहा झाला, मी पट्टा पुढे केला. त्यांनी तो हातात चढवला आणि बाक गेला कुठे कोण जाणे. अंगणात नुसतं पातं दिसत होतं आणि मधे कुठेतरी स्वेटर. पाय असे पडत होते की धूळ उडत नव्हती. माझ्या डोळ्यांना पाणी आलं. सुजाता माझा दंड घट्ट धरून उभी होती. इतकी वर्षं मी जे शिकवत होते ते याच्यापुढे पोरखेळ होता, हे मला तिथेच कळलं.

हा पाय कागदावर आणायचाच, असं मी ठरवलं. मैदानावर रेघा मारायला आम्ही पीटीवाले पांढरी फक्की वापरतो. मी गुंजीला फक्कीची पिशवी आणि काळी ताडपत्री नेऊ लागले. परसाप्पांच्या, म्हणजे आमच्या आप्पांच्या, तळव्यांना फक्की लावायची, ताडपत्रीवर एकेक हात, म्हणजे एकेक वार, खेळायला लावायचं, पावलं उमटली की त्यांच्याभोवती खडूने रेघ मारून आकडा घालायचा, आणि मग ते सगळं मापासकट वहीत उतरवायचं. टाच आधी की चवडा आधी, तेसुद्धा. अशा सात वह्या भरल्या. इतकं चोख काम कुणी केलं नसेल, असं मला वाटायचं. अजूनही वाटतं.

एकच अडचण होती. आप्पा बोलके होते, आणि बोलायला लागले की पाऊल फिसकटायचं, ताडपत्री पुसून पहिल्यापासून सुरू करावं लागायचं. पीटी टीचरचा आवाज तुम्हाला माहीत असेल.

"त्येचं काय हाय बाई, आमच्याकडं एक…"

"आप्पा, आधी पाय."

"व्हय, व्हय. आधी पाय." आणि ते पुन्हा फक्कीत पाय बुडवायचे. हे संभाषण आमच्यात किती वेळा झालं असेल, याचा हिशेब आज मला लावावासा वाटत नाही.

एक दिवस वह्या जुळवताना मला ते सापडलं. आप्पा कुठलाही खेळ खेळोत, तिसरा हात डावीकडे फिरला की त्यांचं डावं पाऊल अर्धवर्तुळ घेऊन मागे जायचं. टाकताना चवडा आधी, तोही जपून. त्याच क्षणी डावं कोपर अंगाशी, मान खाली, आणि तोंडाने बारीक आवाज, "च्च्, च्च्, हो." प्रत्येक वेळी, न चुकता. असा पवित्रा मी कुठे पाहिला नव्हता, कुठे वाचला नव्हता. मला त्या रात्री आनंदाने जेवण गेलं नाही.

सुजाताने मात्र आपली खोड दाखवली. "टीचर, आप्पांच्या डाव्या अंगाला काय हुतं वं?"

"काय होतं म्हणजे? शत्रू होता!" मी खेकसले.

"मग शत्रूला हो कशाला म्हणत्यात?"

मी तिला मैदानाला दोन फेऱ्या मारायला लावल्या. त्यावेळी ती नोकरीला लागलेली होती, तरी मारल्या.

मी त्याला 'गुंजी पवित्रा' असं नाव दिलं. निबंध लिहिला. अर्धवर्तुळी माघार, दुसऱ्या पट्टेकऱ्याच्या आडव्या वारापासून मस्तकरक्षण, श्वास बांधणारा उच्चार, चवड्यावरचं मौन पाऊल. एकेकाला दोन-दोन पानं. तो एका परिसंवादात वाचला आणि तिथे भांडण लागलं. उत्तरेकडून आलेले एक सर म्हणाले, हा पवित्रा गलबतावरच्या लढाईतला, मराठी आरमाराचा, मान खाली घालतात ती शिडाच्या दोरांमुळे. गुंजीला समुद्र नाही, असं मी म्हणाले, पण ते पुढे गेले होते. दक्षिणेकडून आलेले सर उठले. त्यांनी एका देवळाच्या खांबावरच्या मूर्तीचा फोटो पडद्यावर दाखवला. मूर्तीचा पाय मागे होता. "सी, सेम स्टेप. हे आमचं आहे, हजार वर्षं जुनं." दोघं जेवणाच्या पंक्तीतही समोरासमोर बसून माझ्या अर्ध्या पावलावर तंडत होते. आम्ही सीमाभागातली माणसं जन्मापासून हा तंटा ऐकत आलोय, पण तो आपल्या वहीत येऊन बसेल असं मला स्वप्नातही वाटलं नव्हतं. खोटं कशाला बोलू, मला गुदगुल्या होत होत्या.

या वादामुळेच एक समिती नेमली गेली. जुन्या कलांचं एक पुस्तक निघणार होतं, आणि गुंजी पवित्रा त्यात घ्यायचा की नाही हे प्रत्यक्ष बघून ठरणार होतं. समितीत हे दोन्ही सर, आणि अध्यक्ष म्हणून एक निवृत्त अधिकारी. मी गुंजीला जाऊन आप्पांना सांगितलं, "आप्पा, तुमचं नाव पुस्तकात येणार."

आप्पांनी हातातला चहा खाली ठेवला. मग म्हणाले, "माजं ऱ्हाऊ द्या. माज्या बा चं घाला. निंगाप्पा. त्येनंच शिकिवलं. त्येचा एक फोटू न्हाय घरात, जमिनीच्या उताऱ्यावर बी नाव उरलं न्हाय. गेला की पुसून गेला बगा." मी शब्द दिला. त्यांच्या हातावर हात ठेवून दिला.

प्रात्यक्षिक निपाणीच्या एका शाळेच्या मैदानावर ठेवलं. आप्पांना पहाटे गाडीने आणलं. त्यांनी तोवर माझ्या मुलींचा खेळ कधी बघितला नव्हता. दुपारी शेवटची तालीम होती. आप्पा सावलीत खुर्चीवर, डोक्याला नवा पटका. सुजाताने इशारा केला. चाळीस मुली, चाळीस पट्टे. पहिला हात, दुसरा, तिसरा, आणि चाळीस डावी पावलं एका दमात अर्धवर्तुळ घेऊन मागे गेली, चाळीस माना खाली झाल्या, आणि सगळं मैदान म्हणालं, "च्च्, च्च्, हो."

आप्पा खुर्चीतून अर्धे उठले. "बाई, ह्या पोरी मागं का सराल्यात?"

"तुमचाच पवित्रा आहे की आप्पा. गुंजी पवित्रा."

"माजा? आन त्ये च्च् च्च् काय?"

"श्वासोच्चार."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. डॉक्टर पेशंटकडे बघतात तसं. मग हळू म्हणाले, "बाई, थितं म्हस हुती."

मला वाटलं, उन्हाने त्यांना काही होतंय. मी पाणी मागवलं. त्यांनी तांब्या बाजूला केला.

"आमच्याकडं चार म्हैनं पाऊस. भाईर उभं ऱ्हायला येत न्हाय. म्हून बा गोठ्यात शिकवायचा मला. डाव्या अंगाला चंद्री बांधल्याली. तिसरा हात फिरला की पातं पार तिच्या शिंगापातूर जायाचं, म्हून मागं सरायचं. मागं श्याण, म्हून चवडा आदी. वर वासा लई खाली, म्हून मान. आन ती बुजायची, म्हून च्च् च्च्, हो."

एकेका वाक्याला माझ्या निबंधाची दोन-दोन पानं गळून पडत होती. गलबत बुडालं, देवळाचा खांब पडला. मी कशीबशी म्हणाले, "आप्पा, इतक्या वर्षांत सांगितलं का नाही?"

"सांगत हुतो की. तुमी म्हनायचासा, आदी पाय."

सुजाता पलीकडे उभी होती. तिने सगळं ऐकलं होतं. तिने या वेळी काही विचारलं असतं तर मला बरं वाटलं असतं. माझ्या चुकीची लाज तर होतीच, पण त्याहून वाईट गोष्ट मी पुढच्या पाच मिनिटांत केली. समिती यायला तासभर होता. मी आप्पांच्या खुर्चीजवळ बसले आणि म्हणाले, "आप्पा, आज म्हशीचं नाव काढू नका."

"का वं?"

"हसतील. पुस्तकात घेणार नाहीत. वडिलांचं नाव राहील."

ते बराच वेळ पटक्याचं टोक बोटाला गुंडाळत बसले. "बा चं नाव येत असंल तर न्हाई काढत," म्हणाले. मग त्यांनी खुर्ची जरा फिरवली आणि मुलींकडे बघण्याऐवजी रस्त्याकडे बघत बसले.

समिती आली, नारळ-शाल झालं. खेळ इतका देखणा झाला की मलाही क्षणभर वाटलं, असू दे, काय बिघडतंय? तिसऱ्या हाताला दोन्ही सर एकदमच पुढे वाकले. उत्तरेचे सर म्हणाले, "बघा, गलबत डुलतंय." दक्षिणेचे सर म्हणाले, "टेंपल, सर, टेंपल." अध्यक्षांनी दोघांना हाताने थांबवलं आणि माइक थेट आप्पांच्या पुढे धरला. "वस्ताद, हा पवित्रा कशासाठी? याच्या मागची कल्पना काय?"

आप्पांनी तोंड उघडलं. माझ्याकडे बघितलं. तोंड मिटलं. "बाई सांगत्याल," एवढंच म्हणाले आणि मान खाली घातली.

पंच्याहत्तरी ओलांडलेला माणूस. त्याच्या तोंडची गोष्ट मी वर्षानुवर्षं परत त्याच्या घशात घातली होती आणि आज चारचौघांत पुन्हा तेच करत होते. मला स्वतःचा असा राग आला की गुडघ्यांसकट ताडकन उठले. माइक घेतला आणि म्हणाले, "डाव्या अंगाला म्हैस होती."

आधी कुणाला कळलंच नाही. मग मी सगळं सांगितलं. गोठा, पाऊस, शिंग, शेण, वासा. माझा निबंध चूक आहे, आप्पांची काही चूक नाही, हेही सांगितलं.

दक्षिणेच्या सरांनी घसा साफ केला. "म्हैस कुठली होती? धारवाडी?"

"पंढरपुरी असणार," उत्तरेचे सर लगेच म्हणाले. "शिंग पात्यापर्यंत येतंय म्हणजे लांब शिंगाची. पंढरपुरीच."

"धारवाडीला पण शिंग असतंय, सर."

"वस्ताद, तुम्हीच सांगा. म्हैस पंढरपुरी की धारवाडी?"

आप्पांनी दोघांकडे आळीपाळीने बघितलं. "दूध देत हुती," ते म्हणाले.

सगळ्यात आधी सुजाता हसली. मग मुली, मग मैदान, मग अध्यक्षसुद्धा. हसू ओसरल्यावर मात्र त्यांनी फाइल उघडली, आणि फाइलला हसता येत नाही. त्यांच्या नमुन्यात उगम, काळ, राजाश्रय असे रकाने होते. म्हशीला रकाना नव्हता. ते सभ्य गृहस्थ होते, वाईट वाटून म्हणाले, "टीचर, ही अडचणीतून पडलेली सवय झाली. हिला परंपरा कशी म्हणायची? तूर्त घेता येणार नाही." म्हणजे निंगाप्पाही येणार नाही. मी आप्पांकडे बघायचं टाळत होते.

आप्पाच उठले. त्यांनी एका मुलीच्या हातातला पट्टा मागून घेतला, पण चढवला नाही, नुसता आडवा धरला. "सायेब, मला शिकल्याल्या मानसावानी बोलायला येत न्हाय. पर हे चालवायला कोन बी चालवतंय. जोर असला की झालं. न लागता चालवायला लई वर्सं जात्यात. माजा बा म्हनायचा, म्हशीला ओरखडा आला तर त्या दिशी जेवान न्हाय. मी लई येळा उपाशी झोपलोय." पात्यावरून बोट फिरवत ते म्हणाले, "तिचं कवा रगात काडलं न्हाय मी. कातडीवर रेघ बी न्हाय मोठी."

अध्यक्षांनी पेन बंद केलं. नियम तो नियम, त्यांनी काही लिहिलं नाही. पण जाताना ते आप्पांच्या पाया पडले. दोन्ही सर गाडीत बसेपर्यंत शिंगांवर बोलत होते.

मैदान रिकामं होत आलं. मुली पट्टे सतरंजीत गुंडाळायला लागल्या. सुजाता माझ्याजवळ आली आणि तिने विचारायचं तेच विचारलं. "टीचर, आता ते पाऊल काढून टाकायचं काय?"

एकतीस वर्षांत प्रथमच मी एखाद्या मुलीला म्हणाले, "मला ठाऊक नाही गं. आप्पांना विचार."

आप्पा म्हणाले, "मला एकदा परत दावा. मगाशी माजं ध्यान नव्हतं."

मुलींनी सतरंज्या सोडल्या. पहिला हात, दुसरा, तिसरा. चाळीस पावलं मागे गेली, जपून, चवडा आधी. "च्च्, च्च्, हो," मैदान म्हणालं, आणि त्यात एक जाड, फुटका आवाज मिसळला. आप्पा खुर्चीवर बसून मान खाली घालत होते, कोपर अंगाशी घेत होते, आणि त्यांच्या गालांवरून पाणी ओघळत होतं.

"चंद्री जाऊन पन्नास वर्सं झाली की वं बाई," ते म्हणाले. "आन ह्या पोरी अजून तिला जपाल्यात."

ते पाऊल आम्ही काढलं नाही. फक्त आता सुजाता नवीन मुलींना शिकवताना डावीकडे फक्कीने एक चौकोन आखते. कुणाचं पातं त्यात गेलं की बाकीच्या ओरडतात, "चंद्रीला लागलं!" आप्पा पुढच्या वर्षी गेले. त्याआधी मी दोनदा गुंजीला जाऊन आले, वही न घेता. ते बोलत होते आणि मी ऐकत होते.

समितीचं पुस्तक निघालं. छान आहे, गुळगुळीत कागद. त्यात आम्ही नाही. पण मी एका माणसाच्या हातावर हात ठेवून शब्द दिला होता की नाव छापून आणीन, आणि दिवाळी अंक झाला तरी तो छापीलच असतो. तर या खेळाचे वस्ताद निंगाप्पा. त्यांचा मुलगा परसाप्पा. आणि डाव्या अंगाला, चंद्री.